मागच्या खोलीतली पंधरा मिनिटं

चावी माझ्या खिशात आहे हे मला कामठीला तिसरा रोडगा फोडताना कळलं. कळलं म्हणजे काय, मांडीला काहीतरी टोचलं म्हणून खिशात हात घातला, तर घराची चावी निघाली. मी ती डाव्या खिशातून काढून उजव्या खिशात टाकली आणि वाढणाऱ्याला वांग्याची भाजी इकडे आणायला सांगितलं. या चावीनं इथे असायला नको होतं, हा विचार माझ्या डोक्यात आला नाही. गोवऱ्यांवर भाजलेले रोडगे तुपात बुडून पानात पडत असले की माझ्या डोक्यात फारसे विचार येत नाहीत. एरवी येतात, असं आमच्या घरचं मत नाही.

ती चावी त्या वेळी धरमपेठेत, आमच्या दारावरच्या विजेच्या मीटरच्या पेटीवर असायला हवी होती. गोष्ट त्र्याहत्तर सालच्या मे महिन्यातली, शनिवारची. कचेरी अर्धा दिवस, आणि कामठीच्या एका दोस्ताकडे रोडग्यांचं बोलावणं. सिंधू, म्हणजे वर सांगितलेलं मत जिचं आहे ती, पोरांना घेऊन यवतमाळला माहेरी गेली होती. जाताना तिने मला तीनदा बजावलं होतं, "कुलूप लावलं की चावी मीटरच्या पेटीवर. गोपिका साडेपाचला दुकानातून येते, तिला आत जावं लागतं." चौथ्यांदा सांगायला लागली तेव्हा मी म्हणालो, "मी काय लहान आहे?" यावर ती काही बोलली नाही, आणि तिचं न बोलणं मला नेहमीच नीट ऐकू येतं.

आठ वाजता कामठीच्या बसमधून उतरून, पोटावरून हात फिरवत मी गल्लीत शिरलो, तर आमच्या पायरीवर गोपिकावहिनी बसलेल्या. पोपटी रंगाची पाचवारी साडी, मांडीवर पर्स, पाठ ताठ. मे महिन्यात नागपूरची फरशीची पायरी संध्याकाळी साडेपाच वाजता कशी असते, हे ज्यांना ठाऊक नाही त्यांनी चुलीवरून नुकताच उतरवलेला तवा आठवावा. त्या पायरीवर वहिनी अडीच तास बसल्या होत्या. समोर वीस पावलांवर त्यांचं स्वतःचं घर होतं. माडीवर दिवा लागला होता, कूलरची घरघर खालपर्यंत येत होती. तिथे त्यांना जाता येत नव्हतं, कारण त्यांचं लुगडं माझ्या घरात होतं, आणि माझं घर कामठीला बसून रोडगे खात होतं.

"वहिनी, अहो मी म्हणजे..." मी सुरुवात केली.

त्यांनी हात पुढे केला. "चावी द्या, भाऊजी."

कुलूप उघडून त्या मागच्या खोलीत गेल्या आणि दोन मिनिटांत लुगडं नेसून, डोक्यावर पदर घेऊन बाहेर आल्या. "येते," म्हणाल्या आणि गल्ली ओलांडून गेल्या. मी दारात उभा राहिलो. पायरीला हात लावून पाहिला. आठ वाजताही ती गरमच होती.

हे लुगड्याचं प्रकरण जरा मागे जाऊन सांगायला हवं. 

गोपिकावहिनींचे यजमान मनोहरराव एका सरकारी खात्यात नकाशे काढत. गाव कळमेश्वरकडे. तिथली बारा एकर शेती थोरले भाऊ पाहत, आणि मनोहररावांच्या आई मनकर्णाबाई, वहिनींच्या आत्याबाई, धाकट्याकडे नागपूरला आल्या होत्या. येताना त्यांनी चार पितळी डबे आणले, सुपारीचा अडकित्ता आणला आणि गावाकडची सगळी रीतही आणली. डबे माळ्यावर गेले. रीत मधल्या खोलीत, पाटावर बसली. घरची सून नऊवारी लुगड्यात असते, डोक्यावरचा पदर खाली येत नाही, ही त्यातली पहिली. बाई वाईट नव्हती. गल्लीतल्या कुणाच्याही पोराला ताप आला तर मनकर्णाबाई त्याच्या उशाशी रात्रभर बसत. फक्त, ज्याच्या उशाशी बसत त्याला नंतर उठायची परवानगीही त्यांच्याकडूनच घ्यावी लागे.

अडुसष्टच्या सुमारास सीताबर्डीवर एका विणकर सोसायटीचं दुकान निघालं. बायकांच्या काउंटरवर बाई पाहिजे, अशी पाटी लागली. वहिनी मॅट्रिक झालेल्या, आणि कापड डोळे मिटून बोटांनी ओळखणाऱ्या. त्यांनी आपणहून अर्ज टाकला आणि मग घरात सांगितलं. मनोहरराव म्हणाले, "माझी काही ना नाही. आईले विचार." मनकर्णाबाईंनी दोन दिवस सुपारी कातरली आणि तिसऱ्या दिवशी निकाल दिला, "जाय. पण या दारातून लुगड्यात जाशीन अन् या दारातून लुगड्यात येशीन."

तिकडे सोसायटीचे सेक्रेटरी नानाजी. त्यांनी वहिनींच्या हातात पोपटी, जांभळ्या, विटकरी अशा तीन साड्या ठेवल्या आणि सांगितलं, "बाई, काउंटरवर पाचवारी पायजे, आपल्याच मागावरची. गिऱ्हाईक आधी बाईकडे पाह्यते, मंग कापडाकडे."

एक अट घरची, एक दुकानाची. आणि या दोन अटींच्या मधोमध आमची मागची खोली. ही सोय सिंधूनं आणि वहिनींनी नळावर उभ्या उभ्या ठरवली. मला नंतर कळवण्यात आलं. रोज सकाळी दहाला वहिनी लुगड्यात, पदर डोक्यावर घेऊन, आमच्या बोळातल्या दारानं आत येत. खोलीचं दार लागे. पंधरा मिनिटांनी पाचवारी नेसलेल्या, खांद्याला पर्स अडकवलेल्या एक बाई त्याच दारातून निघत आणि बसच्या दिशेनं चालू लागत. संध्याकाळी उलट. असं पाच वर्षं.

उन्हाळ्यात सिंधू माहेरी गेली की पंचाईत माझी. घरात मी एकटा पुरुष, आणि मागच्या खोलीत शेजारची बाई साडी बदलते आहे, हे गल्लीला कसं दिसेल? म्हणून रोज दहाला मी स्वतःच्या घरातून बाहेर पडून नळाजवळ उभा राही आणि वाचून झालेला पेपर पुन्हा वाची. येणारे-जाणारे विचारत, "काहून गा, बाहेर काहून उभा?" मी सांगे, "जरा हवा खातो." मे महिन्यात, सकाळी दहाला, नागपुरात. गल्लीत माझ्याविषयी जी काही मतं आहेत ती उगीच झालेली नाहीत.

आता पाहा, साडी बदलायला पंधरा मिनिटं लागत नाहीत. सिंधू चार मिनिटांत नेसते आणि त्याच चार मिनिटांत मला दोन कामं सांगते. एकदा तिने वहिनींना विचारलंच. मी ओसरीवर दाढी करत होतो, त्यामुळे ऐकू आलं.

"काय करते वं तू एवढा वेळ आत?"

"बसते."

"अन्?"

"अन् काई नाई. बसते." वहिनी म्हणाल्या, "घरी बसली तं आत्याबाई विचारते, काहून बसली. दुकानात बसली तं नानाजी विचारते. तुमच्या खोलीत कोणी विचारत नाई, सिंधूताई."

"आता मी विचारलं ना."

"तुमी पाच वर्षांत एकदा विचारलं. चालते."

त्या खोलीत बसायला होतं तरी काय? एक लोखंडी पेटी, एक खिळा, खिळ्यावर लुगडं किंवा साडी, जी वेळ असेल ती. आणि बोळाकडे उघडणारी एक हातभर खिडकी, जिच्यातून शेजारच्यांचा कडुलिंब अर्धा दिसे.

आणि दुकानातल्या वहिनी मी एकदाच पाहिल्या होत्या, बहिणीच्या साडीसाठी गेलो तेव्हा. खरं सांगतो, पहिल्यांदा ओळखल्याच नाहीत. पदराखालून आलेले "हो", "नाई" आणि "येते" हे तीन शब्द सोडले तर मी त्यांचा आवाज फारसा ऐकलेलाच नव्हता. आणि इथे काउंटरमागे उभी राहून ती बाई मनगटाच्या एका झटक्यात अख्खी साडी हवेत उलगडत होती, आणि ती साडी गिऱ्हाइकासमोर अलगद उतरत होती.

"बाई, हा रंग आज तुमाले लय चांगला दिसन," त्या एकीला सांगत होत्या, "पण दोन धुण्यात तुमीच याले ओळखणार नाई. त्याच्यापेक्षा हा घ्या, हा म्हातारपणापर्यंत येते."

त्या बाईचा नवरा मधेच म्हणाला, याच्याहून साधी दाखवा. वहिनी त्याच्याकडे वळल्या. "तुमी त्या स्टुलावर बसा जी. नेसायची हिले आहे." सगळं दुकान हसलं, नवराही हसला, आणि वहिनी मान मागे टाकून अशा हसल्या की मला आपण चुकीच्या दुकानात आलो असं वाटलं. मग त्यांची नजर माझ्याकडे गेली. हसणं थांबलं नाही, पण अर्ध्यावर आलं. साडीचं पुडकं हातात देताना त्या हळूच म्हणाल्या, "भाऊजी, गल्लीत सांगू नका."

"काय, तुम्ही पाचवारी नेसता ते?"

"नाई. हसली म्हणून."

तर हे सगळं त्या शनिवारच्या संध्याकाळी मी खिशात घालून कामठीला नेलं होतं.

रविवारी सकाळी मनकर्णाबाई स्वतः आल्या. माडी उतरायला त्यांना गुडघ्यांमुळे फार त्रास होई, त्यामुळे त्या आल्या म्हणजे काहीतरी झालं असणार हे नक्की. ओसरीवर बसल्या, कमरेची पिशवी काढली, अडकित्ता काढला.

"काहून गा, काल कुठं गेला होता?"

"कामठीला, मावशी. रोडग्यांचं बोलावणं होतं."

"चांगले झालते?"

"झाले होते."

"तूप?"

"भरपूर."

"अन् माही सून तुह्या पायरीवर बसली होती." सुपारीचा एक तुकडा कट्कन पडला. "माह्या भजनातली कौसल्या देवळात चालली होती, तिनं पाह्यलं. पाचवारीत."

"पाचवारी? कुठली पाचवारी?" मी म्हणालो.

मनकर्णाबाईंनी माझ्याकडे पाहिलं. गोठ्यात एखादं वासरू दोर गळ्याभोवती गुंडाळून उभं राहतं, त्याच्याकडे पाहावं तसं. "तुले खोटं बोलता येत नाई. नको बोलू. मले पाच वर्षांपासून माहीत हाय. माह्या खिडकीतून तुमचा बोळ दिसते."

मी न राहवून विचारलं, "मग मावशी, तुम्ही कधी काही बोलला नाहीत?"

"कायले बोलू? माह्या दारातून लुगड्यात जाये, लुगड्यात येये. मधात काय, ते मी पाह्यलं नाई म्हणून सांगता येत होतं. आता कौसल्येनं पाह्यलं, म्हणजे भजनातल्या साऱ्या बायाइनं पाह्यलं. मी काय सांगू त्याईले? ते दुसरीच कोणी होती?" सुपारीचे दोन भाग करून एक त्यांनी माझ्या हातावर ठेवला. "आता एकच. सून लुगड्यात दुकानात जाईन तं जाईन. नाई तं घरी राहीन. मी काई वाईट सांगून नाई राहिली."

आवाज चढला नव्हता. चढला असता तर काहीतरी उत्तर देता आलं असतं. मी सुपारी चघळत बसलो.

सोमवारी दहाला मी सवयीनं पेपर घेऊन नळाजवळ जाऊन उभा राहिलो. पंधरा मिनिटं उभा होतो. कुणी आलंच नाही, तेव्हा लक्षात आलं की आज घरात थांबलो असतो तरी चाललं असतं.

संध्याकाळी वहिनी सिंधूची वाटी परत करायला आल्या. लुगड्यात, पदर कपाळापर्यंत.

"वहिनी, चूक माझी आहे," मी म्हणालो.

"हो."

त्यांनी वाटी ठेवली. बोळाकडे एकदा पाहिलं आणि खालच्या आवाजात म्हणाल्या, "दुकानात आठ दिवसांची सुट्टी टाकली. आत्याबाईचा राग आठ दिवसांच्या वर टिकत नाई. पुढच्या हप्त्यात कळमेश्वरले लगन हाय, तिथं दोन नव्या सुनाइले नावं ठेवता ठेवता आत्याबाई मले विसरून जाईन. मंग मी पुन्हा सुरू करीन. बोळातून नाई तं पलीकडच्या अंगणातून येईन. मी पाहून घेते. तुमी काई करू नका."

आता हे वाक्य किती सोपं होतं. पण माणसाच्या मनात अपराध बसला की त्याला सोपी वाक्यं ऐकू येत नाहीत. ती म्हणते आहे काही करू नका, म्हणजे बिचारी भिडेखातर म्हणते आहे, असा अर्थ मी लावला. आणि करायला निघालो.

आधी मनोहररावांकडे गेलो. ते गॅलरीत कूलरच्या टाकीत बादलीनं पाणी ओतत होते.

"मनोहरराव, तुम्ही आईंशी बोला ना."

"बोललो ना."

"काय म्हणालात?"

"म्हटलं, आई, तुझं बराबर आहे."

"आणि वहिनींना?"

"तिलेही म्हटलं, तुझंही बराबर आहे." त्यांनी बादली ओतली. "हे पाहा, मी आधुनिक विचाराचा माणूस. बाईनं नोकरी करावी, पाचवारी नेसावी, माझी कधीच ना नाही. पण बायकांच्या मधात मी पडत नाही. ती दुसरी बादली जरा इकडे द्या."

मी ती दिली. त्यांच्या घरात दोन बायकांना आपापल्या जागी बराबर ठरवून, कूलरपुढे गार वाऱ्यात बसलेला हा एकच माणूस मी त्या उन्हाळ्यात सुखी पाहिला.

बुधवारी मला युक्ती सुचली. सायकल काढली आणि भर दुपारी, डोक्याला दुपट्टा बांधून, सीताबर्डी गाठली. नानाजी गल्ल्यावर बसले होते. त्यांच्या पाठीमागे छतापर्यंत नऊवारीची थप्पी होती, धूळ बसू नये म्हणून वर्तमानपत्रानं झाकलेली.

"नानाजी, एक विचारतो. गोपिकाबाईंनी काउंटरवर लुगडंच नेसलं तर?"

नानाजींनी माझ्याकडे पाहिलं. मग मान वळवून थप्पीकडे पाहिलं. मग पुन्हा माझ्याकडे. "हा माल तीन वर्षांपासून पडून आहे," ते म्हणाले. "मागवाले म्हातारे विणून राहिले, तरण्या बाया घेऊन नाही राहिल्या. काउंटरवर रोज नवीन लुगडं नेसून बाई उभी राहिली तं... तुमाले हे सुचलं कसं?"

मी नम्रपणे म्हणालो, सुचलं. त्यांनी मला उसाचा रस पाजला. एक ग्लास पिऊन झाल्यावर दुसरा मागवला. परतताना लू चालली होती, डांबर चाकांना चिकटत होतं, आणि मी गुणगुणत होतो. आयुष्यात पहिल्यांदा माझ्या हातून एक गोष्ट बिघडली होती आणि मीच ती दुरुस्त केली होती. घरची अट राहिली, दुकानाची अट सुटली, नोकरी वाचली. आता चोरी नाही, बोळ नाही, चावी नाही.

त्याच संध्याकाळी माडीवर जाऊन मी ही बातमी सांगितली. मनकर्णाबाईंनी दोनदा विचारून खात्री केली आणि मला आमरसाची वाटी दिली. ती संपली तेव्हा पुन्हा भरली. मनोहरराव म्हणाले, "पाहा, मी म्हणतच होतो." ते काय म्हणत होते हे कुणी विचारलं नाही. वहिनी स्वयंपाकघराच्या चौकटीला टेकून उभ्या होत्या. पदराखाली चेहरा दिसत नव्हता. मी वाट पाहिली. माणूस आहे, आभाराचा एखादा शब्द अपेक्षित असतो.

"चहा टाकते," त्या म्हणाल्या.

"आमरसावर चहा कशाला, वहिनी?"

तरी त्या आत गेल्या, आणि स्टोव्हला पंप मारल्याचा आवाज बराच वेळ येत राहिला.

मी यवतमाळला लांबलचक पत्र टाकलं. माझी चूक एका ओळीत, माझी युक्ती तीन पानांत. सिंधूचं उत्तर एरवी पानंच्या पानं येतं. या वेळी कार्ड आलं. "पत्र वाचलं. मुलं बरी आहेत. आंब्याची पेटी बसनं पाठवली आहे, उतरवून घ्या." जूनमध्ये ती परतली तेव्हा सामान ठेवून आधी मागच्या खोलीत गेली. खिळ्याकडे पाहिलं. खिडकी उघडली, पुन्हा लावली. मी म्हणालो, आता खोली मोकळीच आहे तर गव्हाचं पिंप इथे हलवू. ती म्हणाली, "राहू द्या." पिंप आजही ओसरीत आहे. येता-जाता माझा अंगठा त्याला लागतो.

वहिनी आता सव्वादहाला घरून लुगड्यात निघत आणि सरळ बसकडे जात. पंधरा मिनिटं उशिरा निघता येतं म्हणून सासूबाईंनी त्यांना सकाळचं एक काम जास्तीचं दिलं, डाळ निवडायचं. आमच्या बोळावरून जाताना त्यांनी मान वळवलेली मी तरी पाहिली नाही. मी खिडकीतून पाहत असे. नमस्कार करायला हात तयार ठेवत असे.

दिवाळीच्या आधी सिंधूला साडी घ्यायची म्हणून आम्ही दोघं दुकानात गेलो. दारातच नानाजींनी मला मिठी मारायची तेवढी बाकी ठेवली. थप्पी अर्ध्यावर आली होती. भंडाऱ्याहून, उमरेडहून लोक लुगडी न्यायला येत होते.

काउंटरजवळच्या स्टुलावर मनकर्णाबाई बसल्या होत्या. हो, दुकानातच. आता लपवण्यासारखं काही उरलं नव्हतं, तेव्हा त्यांना दुकानात यायला काय हरकत? हप्त्यातून चार दिवस त्या रिक्षा करून येत, गुडघे दुखत असले तरी येत, आणि दुकान बंद होईपर्यंत सुपारी कातरत बसत. येणाऱ्या प्रत्येक बाईला सांगत, "हे माही सून. पाह्य, कशी दिसते लुगड्यात." आणि ते खोटं नव्हतं. लाल काठाचं हिरवं लुगडं वहिनींना खरोखरच शोभत होतं. म्हातारीच्या डोळ्यांत इतकं कौतुक होतं की तिच्यावर रागावायलाही जागा नव्हती.

वहिनींनी वरच्या फळीवरचा गठ्ठा काढायला दोन्ही हात उचलले. डोक्यावरचा पदर मागे सरकला. मनकर्णाबाई स्टुलावरून अर्ध्या उठल्या, पदर ओढून नीट बसवला आणि पुन्हा बसल्या. बोलण्यात खंडही पडला नाही. मग वहिनींनी साडी उलगडली. पदर धरायला एक हात लागत होता, म्हणून एकाच हातानं, घडी घडी करून, काउंटरवर पसरली.

"हा रंग टिकेल का?" सिंधूनं विचारलं.

"हो."

"दुसऱ्यात काही आहे?"

"नाई."

सिंधूनं ती साडी पसंत केली. मला वाटतं तिने ती नीट पाहिलीही नव्हती.

नानाजी हात चोळत जवळ आले. "सांगतलं का तुमाले? धरमपेठेत नवी शाखा काढून राहिलो, पाडव्यापासून. बाईले तिथंच देतो. घरापासून पाच मिनिटं. हे सारं तुमच्यामुळे."

"बसचीही कटकट गेली," मनकर्णाबाई म्हणाल्या. "सून दुपारी जेवाले घरी येईन. अन् मले रिक्षा नाई लागणार, चालत जाता येईन." एवढं सांगून त्या नव्यानं आत आलेल्या दोन बायकांकडे वळल्या. नानाजी गल्ल्यावर गेले, सिंधू दाराशी जाऊन उभी राहिली, आणि काउंटरपाशी आम्ही दोघंच उरलो. वहिनी पुडकं बांधत होत्या. मे महिन्यापासून त्यांच्याशी चार शब्द बोलायची ही पहिलीच संधी होती, आणि चारही बाजूंनी माझी स्तुती चाललेली होती. मी जरा पुढे झुकलो आणि माझ्या आवाजात असेल नसेल तेवढी माया आणून म्हणालो, "वहिनी, सगळं कसं मार्गी लागलं, नाही? लपवाछपवी गेली, आता तर दुकानच दाराशी आलं. सुटलात एकदाच्या."

त्यांनी दोऱ्याची गाठ मारली, पुडकं माझ्यापुढे सरकवलं आणि पदर एका हातानं धरून सरळ माझ्याकडे पाहिलं.

"तुमाले कोणी विचारलं होतं, भाऊजी?"